लांडगीण झालेले हाउसमायस्टर

जर्मनीतल्या, रोमनांनी वसवलेल्या रेगेन्सबर्गमध्ये आमच्या इमारतीची देखभाल करणारे हाउसमायस्टर रोमन लोकांबद्दल असे बोलायचे, जणू ते कालपर्यंत खालच्या मजल्यावर भाड्याने राहत होते. माझा गळका नळ आवळतानाही सुनावायचे, "आल्झो, म्हणजे बघा, रोमनांनी हे नीट केलं असतं!" मी मान डोलवून सटकायचो.

पुण्याहून आलेली माझी आई मात्र आठवड्यातच कंटाळून परत जाते म्हणू लागली. एका दुपारी घरी आलो, तर अंगणात हे साठीचे गृहस्थ रांगत रांगत लांडग्यासारखे ओरडत होते आणि बाकावर बसलेली आई पोट धरून हसत होती.

"अरे, लांडगीण दोन बाळांना दूध पाजते," आईने मला समजावलं. "मोठी होऊन तीच रोम वसवतात."

"तुला जर्मन कळलं?"

"ते कळायला जर्मन कशाला हवं? उद्या त्या भावांचं भांडण आहे. माझं तिकीट जरा पुढे ढकल."