भिंतीवरचा उजवा हात

आधीच सांगते, मी इन्स्ट्रुमेंटेशन इंजिनीअर आहे. सेन्सरने चुकीचं रीडिंग दिलं तर ते का दिलं, हे शोधण्याचा मला पगार मिळतो. भुताखेताच्या गोष्टी मी वाचते, पण चहाबरोबर, करमणूक म्हणून. त्यामुळे हे लिहिताना अवघडल्यासारखं होतंय... पण काल ताईचा फोन आला, आणि तेव्हापासून जिवाला चैन नाही.

आम्ही कतारमध्ये, दोहातल्या अबू हमूर भागात राहतो. माझी मोठी बहीण सुनंदाताई नाशिकला तबला शिकवायची. केमो झाली, आजार आटोक्यात आला, पण त्या औषधाने दोन्ही हातांची बोटं बधिर झाली. तव्याचा चटका बसला तरी तिला कळायचं नाही, वास आल्यावर कळायचं. “नसा आहेत, वेळ लागेल. काही वेळा संवेदना परत येतही नाही,” असं डॉक्टरांनी सांगितलं. ताईने तबल्याला खोळ घातली आणि शिकवणं सोडलं. मीच तिला इकडे बोलावून घेतलं.

मार्चमधल्या एका शुक्रवारी सकाळी मी, माझा नवरा समीर आणि ताई उत्तरेला रुवैसच्या पुढे गेलो. तिथे समुद्रकाठी मच्छीमारांचं एक ओसाड गाव आहे. समुद्रातले दगड मातीत रचून बांधलेली घरं, आता नुसत्या भिंती उरल्यात. गावाच्या टोकाला एक जाड भिंत एकटीच उभी आहे. ती गावापेक्षा कितीतरी जुनी असावी, तिचे दगडही वेगळे — मोठे, काळपट, घासून गुळगुळीत केल्यासारखे.

समीर फोटो काढत होता. ताईने सहज त्या भिंतीवर उजव्या हाताने ठेका धरला. धा धिं धिं धा... आणि एकदम थांबली.

“मने, ही उत्तर देतेय गं.”

“कोण?”

“भिंत. मी थांबले की आतून येतंय. मला बोटांना लागतंय!”

तिच्या डोळ्यांत पाणी होतं. मी शेजारी हात टेकवला. काही नाही, नुसता दगड. समीरनेही लावून पाहिला. मग मी माझा तळवा ताईच्या हातावर ठेवला... आणि तिच्या हातातून मला ठोका लागला. नाडीचा नव्हे, त्याहून सावकाश आणि जड. खोल विहिरीत कुणीतरी डग्गा वाजवावा तसा. मी हात झटकन काढून घेतला.

“समुद्राच्या लाटांचं व्हायब्रेशन असेल,” समीर म्हणाला. ओहोटी होती, पाणी पार लांब गेलं होतं.

त्या दिवसापासून ताईचं कशात लक्ष लागेना. जेवताना ताटाच्या कडेवर बोटं वाजवायची, मग हात कानाशी नेऊन ऐकत बसायची. रोज विचारायची, “परत कधी जायचं?” मी टाळत राहिले. खरं सांगायचं तर मला भीती वाटत होती. भिंतीची नाही, ताईची.

मे महिन्यात, मी ऑफिसात मीटिंगमध्ये असताना, ताईच्या मोबाइलवरून फोन आला. आवाज पुरुषाचा.

“मॅडम, मैं टॅक्सी ड्रायव्हर. आपका दीदी इधर पुराना गाव में दीवार को पकडके खडा है. गाडी में नहीं आता. बहुत गरमी है मॅडम, यल्ला, जल्दी आओ.”

मी गाडी कशी चालवली ते मला आठवत नाही. पोचले तेव्हा दुपारचं ऊन नुसतं रणरणत होतं. ड्रायव्हर बिचारा स्वतःची छत्री ताईच्या डोक्यावर धरून उभा होता. ताईचा डावा हात छातीशी, उजवा तळवा भिंतीवर. ओठ कोरडे पडलेले, चेहरा लालबुंद, पण बाई हसत होती.

“ताई, चल. मरशील इथे!”

“थांब गं, सम येऊ दे.”

तिला ओढताना आधार म्हणून मी भिंतीला हात लावला आणि ओरडलेच. तव्यासारखी तापली होती भिंत. मग ताईचा हात? मी तिचं मनगट धरून जोर लावला. हात सुटला, त्यावर भाजल्याची खूणसुद्धा नव्हती. आणि हात होता त्या जागी दगडावर तळव्याचा ओला ठसा. मी बोट लावलं... माठासारखा गार! ड्रायव्हरनेही लावून पाहिलं आणि तो दोन पावलं मागे सरकला. आमच्या डोळ्यांदेखत तो ठसा सुकला. मी पुन्हा बोट लावलं तर चटका बसला.

ताईला दवाखान्यात सलाइन लावावं लागलं. बरी झाल्यावर मी तिला नाशिकला पाठवलं. विमानतळावर ती मागे वळून न बघता आत गेली.

नंतर मी आणि समीर ऑफिसचं थर्मामीटर घेऊन तिथे गेलो. सगळी भिंत सारखीच तापलेली. मी तिला पुन्हा हात लावला नाही. का, ते विचारू नका.

पावसाळ्यात ताईने फोन केला. “मने, लसूण सोलत होते. साल लागली गं बोटांना!” उजव्या हाताला पूर्ण संवेदना आली होती. डाव्याला मात्र काहीच फरक नव्हता. नसा हळूहळू भरून येतात, हे मला मान्य आहे. पण औषध दोन्ही हातांना एकच गेलं होतं, मग एकच हात कसा बरा झाला? तिच्या डॉक्टरांना विचारलं तर ते म्हणाले, “चांगलंच झालं ना?”

आणि काल पुन्हा फोन. तबल्याची खोळ काढलीय म्हणाली. मागून तिचा उजवा हात ऐकू येत होता, स्वच्छ, पूर्वीसारखा.

“डाव्या हाताचा डग्गा अजून मुका आहे गं,” ती म्हणाली. “हिवाळ्यात येते. व्हिसाचं बघ.”

सांगा, काय करू?