रुंद केलेलं दार

बदलापूरबाहेर एका माळावर ऐतिहासिक मालिकेसाठी प्लायवुडचा किल्ला उभा केला होता. मी कुळगावात मुलींना दांडपट्टा शिकवते, म्हणून नायिकेला तयार करायला मला बोलावलं. "मॅडम, सगळं एकदम अस्सल पाहिजे," दिग्दर्शक म्हणाला. मी हुरळून गेले.

नायिका मेहनती होती. पट्ट्याच्या खोबळ्यात, म्हणजे कोपरापर्यंतच्या लोखंडी मुठीत, हात घातला की मनगट जखडतं, सगळा वार कोपर आणि खांद्यातून करावा लागतो. तिचा हात सोलून निघाला, तरी रोज सकाळी ती माझ्याआधी मैदानावर हजर असे.

प्रसंग असा होता की ती एकटी किल्ल्याचं चिंचोळं दार अडवते. मोकळ्यावर चहूबाजूंनी घेरलं तर पट्टा फिरवत उड्या घेता येतात. दारात तेवढी जागाच नसते. तिथे पाय रोवायचे, अंग आवरायचं आणि आखूड वार करायचे. तिने ते इतकं आत्मसात केलं, की तालमीत समोरचे फायटर सावध होऊन मागे सरकायला लागले. त्याच दुपारी प्रसिद्धीवाल्यांनी माझी मुलाखत घेतली. "इथे तुम्हाला खरी लढाई दिसेल," मी म्हणाले, आणि अगदी मनापासून म्हणाले.

चित्रीकरण छान झालं. पण चॅनेलच्या लोकांनी ते पाहिलं आणि कळवलं, की लढाई लगेच संपते, काही मजा येत नाही. पुन्हा शूट करायचं, नायिकेला तारा लावून, हवेत उडवून.

नायिका माझ्याकडे आली. "ताई, मी त्यांना विचारलं, दारात गिरकी कशी घेणार? ते म्हणाले, दार रुंद करतो."

"मग?"

"मला पुढे काम करायचंय, ताई." तिने मान खाली घातली.

सुतारांनी दोन्ही बाजूंनी प्लायवुड कापलं. तारेवर लटकलेली ती हवेत गरगर फिरली, आणि ज्यांना पट्टा शिवलाही नव्हता असे गडी धडाधड पडले. मी निर्मितीवाल्याला म्हणाले, "माझं नाव काढून टाका."

"नाव काढलं तर अस्सल कसं म्हणणार, मॅडम?" तो समजुतीने म्हणाला.

प्रोमोत तीच गिरकी होती आणि तिच्यावर माझा आवाज: इथे तुम्हाला खरी लढाई दिसेल. आमच्या हेंद्रेपाड्यातल्या बिल्डिंगमध्ये लोकांनी पेढे वाटले. मी एक घेतला, कारण नाही म्हणायचं तर सगळं सांगावं लागलं असतं.

माझे वस्ताद मोरिवलीत राहतात. कंपनीतल्या नोकरीसाठी कोल्हापूरकडून आले आणि इथलेच झाले. मी भेटायला गेले तेव्हा त्यांनी टीव्ही बंद केला.

"आवाज तुझाच हुता न्हवं?"

"हो. पण आधी वेगळं—"

"व्हय, असंल," ते म्हणाले आणि सुनेला चहा टाकायला सांगितलं. पट्ट्याविषयी आम्ही बोललो नाही. त्यानंतरही कधी बोललो नाही.

वर्ग मात्र भरला. नव्या मुलींच्या आया फी भरायच्या आधी विचारत, "ती हवेतली गिरकी कधी शिकवणार?" शिकवणार नाही म्हटल्यावर बऱ्याच जणी गेल्या. त्यातल्या काही आता अंबरनाथच्या एका डान्स क्लासला जातात. तिथे ती गिरकी शिकवतात.