सुभेदारांचं वेब्ली

ती गोष्ट आठवली की आजही मला एकट्यालाच हसू फुटतं. वऱ्हाड तेव्हा मध्य प्रांताला जोडलेला होता आणि मी बुलढाणा जिल्ह्यात, अमडापूरच्या बाजूला, एका लहानशा ठाण्याचा ठाणेदार होतो.

खंडेनवमीच्या आदल्या सकाळी मी शिपायांची हजेरी घेत होतो, तेवढ्यात शेजारच्या गावचे पेन्शनर सुभेदार आत शिरले. पहिल्या महायुद्धात लढून आलेला, मिशीला पीळ देणारा माणूस. त्या दिवशी पीळ उतरला होता. मुलीकडे पाहुणचार घेऊन ते आदल्या संध्याकाळीच परतले होते. सकाळी शस्त्रपूजेसाठी पेटी उघडली, तर त्यांचं वेब्ली रिव्हॉल्व्हर गायब.

"काडतुसं हायेत जी, हत्यारच नाही," ते म्हणाले.

ते रिव्हॉल्व्हर मी परवाना तपासणीत हाताळलेलं होतं. चारशे पंचावन्न बोरचं, मधून मोडून भरायचं, काळंशार आणि चांगलंच वजनदार. गोळी जाडी आणि सावकाश, पण लागली की समोरचा जागीच बसतो, असं जुने फौजी छातीठोकपणे सांगत. पुढे अडतीस बोरचं हलकं हत्यार आलं, आपोआप भरणारी पिस्तुलं आली, तरी या लोकांचा जीव वेब्लीवरच. माझाही होता, खोटं कशाला बोलू?

पण परवान्याचं हत्यार हरवणं ही थट्टा नव्हे. सुभेदारांचा परवाना जाणार होता, आणि ज्यानं ते नेलं तो तुरुंगात जाणार होता.

दुपारच्या आत खबर आली. आमचा खबऱ्या बाजारात विड्याची पानं विकायचा. त्यानं सांगितलं, मागच्या बाजारी सुभेदारांचा सालदार, म्हणजे वर्षाच्या बोलीनं राबणारा गडी, छातीशी गठुडं धरून लोहाराच्या दुकानी उभा होता. लोहाराला बोलावलं.

"गठुड्यात पिस्तूल दिसलं अन् म्या हातच जोडले, साहेब. पुढं तो काय म्हनत होता ते आयकलंच नाही."

सालदाराला शेतातून उचलून आणलं. पन्नाशीचा, हाडापेरानं मजबूत गडी.

"कोनाले इकत होता बे?" हवालदारानं विचारलं.

"इकत नव्हतो."

"मंग लोहाराकडं काऊन गेला?"

गडी गप्प. चहा दिला, चहा प्याला. दम दिला, तोही गिळला. हवालदाराचे हात शिवशिवू लागले, तसं मी त्याला कोठडीच्या किल्ल्या शोधायला पिटाळलं. चोर म्हणावं तर गड्याची नजर खाली जात नव्हती. मला ते खटकलं. त्याला कोठडीत बसवून, सुभेदारांना बरोबर घेऊन मी पंचनाम्यासाठी त्यांचं घर गाठलं.

पंचांसमोर पेटी उघडली. रिव्हॉल्व्हरच्या जागी नुसतं फडकं. शेजारी काडतुसांचा पत्र्याचा डबा. झाकण काढलं आणि मी पाहतच राहिलो. जुनं पितळ कसं मळकट, तपकिरी पडतं. ही काडतुसं सोन्यासारखी चमकत होती! एक उचलून पाहिलं. बुडाच्या खाचेत राख अडकली होती. मी मान वळवली. देवघरातली समई, निरांजन, तांब्या, सगळं तसंच लखलखत होतं.

सुभेदारीणबाई दाराआड उभ्या होत्या.

"मावशी, देवाची भांडी कशानं घासता?"

"चिंच अन् राख," त्या म्हणाल्या, आणि पदर तोंडाशी गेला.

"तुमचा सालदार कोठडीत बसलाय."

"अवं माय!" बाई जवळजवळ ओरडल्याच. "त्याले काऊन धरलं? त्याचा काई गुन्हा नाही, साहेब!"

त्या तडक आत गेल्या आणि गव्हाच्या कोठीत खांद्यापर्यंत हात घालून लुगड्याचं एक बोचकं ओढून काढलं. आत वेब्ली होतं. काळेपणाचा मागमूस नाही. पांढरंफटक, नव्या ताटलीसारखं!

बाई नवऱ्याकडे वळल्या. "देवापुढं मांडाचं होतं ना जी. म्हटलं, हे इतकं काळं काऊन ठेवाव? घासलं त सारा रंगच गेला. तुमच्या भेवानं त्याले लोहाराकडं धाडलं, काळं करून आन म्हनून. लोहार हात लावेना, म्हनून कोठीत ठेवलं."

आता घरावर तोफ डागली जाणार, असं मला वाटलं. सुभेदारांनी हत्यार उलटसुलट करून पाहिलं. मग ते जे हसायला लागले, ते डोळ्यांतून पाणी येईस्तोवर. पंच हसले, मीही टोपी काढून हसलो. हत्यार घरातच मिळून आल्याचं पंचनाम्यात लिहिलं.

सुभेदार माझ्याबरोबर ठाण्यात आले. कोठडीचं दार उघडल्यावर मी सालदाराला आधी झापलं. परवान्याशिवाय हत्यार बाजारात नेऊ नये, हे त्याला समजायलाच हवं होतं. मग सुभेदारांनी विचारलं, "बोलला काऊन नाही बे?"

"मालकीनमायनं शपथ घातली होती."

"अन् जेलात गेला असता त?"

"त मायनं डबा धाडला असता."

सुभेदारांनी गड्याला छातीशी धरलं आणि त्याच्या पाठीवर थापटत राहिले. हवालदारानं न सांगता चहा मागवला.

दुसऱ्या दिवशी पूजेला मी मुद्दाम गेलो. पाटावर झेंडूच्या फुलांत ते पांढरं वेब्ली मांडलेलं होतं. सुभेदारांनी हळदकुंकवाचं तबक सालदाराच्या हाती दिलं आणि त्या वर्षीची पूजा त्याच्याकडून करवून घेतली.

पुढे कितीतरी आरोपी माझ्यासमोर गप्प बसले. त्यांतले बहुतेक चोरच होते, उगाच साधुपणा कशाला चिकटवू? पण त्या दसऱ्यानंतर मुकाट बसलेल्या माणसाला मी आधी एकच प्रश्न विचारू लागलो: "बाबा, तू कोणाला वाचवतोयस?" आणि त्याचं उत्तर येईपर्यंत हवालदाराला बाहेर बसवू लागलो.