विस्तव गिळणारी गंगम्मा

जनवाड्यात आमच्या भिंतीला भिंत लागून हावगेप्पांचं घर. गंगम्मा त्यांची बायको. तिला इस्तूगिळीचा आजार होता. आमच्या भागात तेव्हा गावात एखाद्याला तरी तो असायचाच. लांबच्या लोकांना सांगितलं की हसतात, म्हणून थोडक्यात सांगते. आधी जांभया येतात, मग दातावर दात वाजू लागतात आणि त्या वेळी जवळपास जो विस्तव असेल तो विझतो. चूल म्हणू नका, दिवा म्हणू नका, चिलीम म्हणू नका. विझलेल्या विस्तवाची धग आजारी माणसाच्या अंगात शिरते आणि घटकाभर अंग तव्यासारखं तापतं. मग उतरतं. जवळ विस्तव नसला तर मात्र दात बराच वेळ वाजत राहतात. या आजारानं माणूस मरत नाही. मेले असते तर सुटले असते, असं गंगम्मा स्वतःच म्हणायची.

लग्न होऊन दोनेक वर्षं झाली असतील, तेव्हा तिला हे लागलं. भाकरी थापताना चूल गेली, पेटवली, पुन्हा गेली. आमच्याकडून गोवरीवर विस्तव नेऊन नेऊन त्या घरचे लोक दमले. शेवटी हावगेप्पांनी आपल्या विधवा बहिणीला, नागव्वाला, आणून चुलीपुढं बसवलं. ती बसली ती बसलीच. घर तिचं झालं. गंगम्माच्या वाट्याला जातं, गोठा आणि पाणी राहिलं. बीदरचे हकीम झाले, पोलीस ॲक्शननंतर आलेला नवा डॉक्टर झाला. सगळ्यांचं एकच, विस्तवापासून लांब राहा. एवढं सांगायला डॉक्टर कशाला लागतो? पण गंगम्मा ऐकणारी बाई. जांभई आली की हातातलं काम टाकून मळ्यातल्या विहिरीकडं पळायची. स्वतःच्या घरातून चोरासारखी पळणारी ती बाई बघून मला वाईट वाटायचं आणि त्याहून जास्त रागच यायचा.

तिची एकुलती लेक महानंदा. पहिलं बाळंतपण माहेरी, म्हणून ती ऐन थंडीत आली. मुलगा झाला. दिवस भरायच्या आधीच झालेला, हातात मावेल एवढा. बाळंतिणीच्या बाजेखाली शेगडी पेटती हवी, ती विझली तर लेकरू गारठणार. म्हणून गंगम्माला खोलीचा उंबरा बंद झाला. नातू तिनं बघितला तो दारातून, नागव्वाच्या हातात.

"अक्का, एक डाव मांडीवर द्या की," ती म्हणाली. मी तिथंच होते.

"आन् शेगडी गेली म्हंजे? सव्वा महिना होऊ दे. शेगडी उठली की घे पोटभर. आत्ताच कामून घाई करायलीस?"

"घाई न्हाई, अक्का. इचारलं आपलं."

ती गोठ्यात राहायला गेली. तिथं बसून जुन्या लुगड्याच्या कुंच्या शिवायची. मी चिडवलं, "मावशी, डोकं एक आन् कुंच्या किती?"

"वाढंल की गं त्येचं डोस्कं," ती म्हणाली आणि हसली. त्या घरात मी तिला फार वेळा हसताना बघितलं नव्हतं.

पौषातली गोष्ट. बोचरं वारं सुटलं होतं. नागव्वानं सकाळी लेकराला आणि महानंदाला न्हाऊ घातलं, ओव्याची धुरी दिली, शेगडी बाभळीच्या कोळशानं शिगोशीग भरली. वारं लागू नये म्हणून खिडकीत पोतं कोंबलं, दाराच्या फटीला चिंध्या लावल्या. मायलेकरं झोपली. गंगम्मा त्याच खोलीच्या भिंतीला टेकून तुरी पाखडत होती. तिला जांभई आली. भिंतीपलीकडं शेगडी. सूप तिथंच टाकून ती विहिरीकडं पळाली.

बंद खोलीत कोळसा धुमसत राहिला की हवा विषारी होते, हे तेव्हा आमच्यात कुणाला ठाऊक होतं? ती भिंतीशी नुसती बसून राहिली असती तर शेगडी विझली असती, लेकरू थंडीनं रडलं असतं, नागव्वानं तिला चार शिव्या दिल्या असत्या. एवढंच झालं असतं.

नागव्वा जेवण घेऊन गेली आणि दार उघडून किंचाळली. मी आणि हावगेप्पांनी महानंदाला ओढून अंगणात आणलं. तिला उलटी झाली, मान ठरेना, पण श्वास चालू होता. हावगेप्पा पुन्हा आत गेले, लेकराच्या नाकापुढं हात धरून बघितला आणि बाहेर येऊन भिंतीकडं तोंड करून बसले.

किंचाळी ऐकून गंगम्मा धावत आली. तिचे दात अजून वाजत होते. ती सरळ खोलीत शिरली आणि नागव्वा पहिल्यांदाच बाजूला झाली. शेगडी विझली. गंगम्मा लेकराला छातीशी धरून बाहेर आली आणि महानंदाजवळ बसली. नातू तिच्या मांडीवर आला तो असा.

महानंदाला नुकतीच शुद्ध येत होती. तिनं हात पुढं करून लेकराच्या पाठीला लावला आणि एकदम उठून बसली.

"अव्वा, ऊन हाय की गं! माझं लेकरू ऊन हाय! दे इकडं, दूध पाजते."

नागव्वानं मान वर केली. हावगेप्पा वळून बघू लागले. खोटं कशाला सांगू, मलाही क्षणभर खरं वाटलं.

"न्हाई, बाय," गंगम्मा म्हणाली. "ती ऊब माझी हाय."

महानंदाला पटेना. तिनं लेकरू ओढून घेतलं, पदराखाली धरलं आणि त्याच्या तोंडात दूध पिळू लागली. गंगम्मा उठली. लांब गोठ्याच्या दारापाशी जाऊन उभी राहिली. थोड्या वेळानं लेकरू गार पडलं, तेव्हा महानंदाला कळलं.