सभाईचं मागणं

सभाईच्या घरात इज्जत सांभाळायचं काम तिच्या मुलाकडे, मीरलकडे होतं. दुसरं कुठलंच काम तो करत नसे. भाताची लावणी आईने करायची, म्हैस बहिणीने धुवायची आणि हा चहाच्या टपरीवर मिशांना पीळ देत बसायचा. वरच्या सिंधमधल्या त्या गावात अशाला कोणी आयतोबा म्हणत नाही, इज्जतदार म्हणतात.

बहीण बख्तावर कालव्यावर शेजारच्या पोराशी चार शब्द बोलली, एवढंच. टपरीवर कुणीतरी खाकरलं. "मीरल, हल्ली तुझ्या घरी पाणी भरायला फार वेळ लागतो रे." झालं. संध्याकाळच्या आत पोरगी ‘कारी’ ठरली, म्हणजे काळं तोंड केलेली, जिला मारलं तर कुणी विचारायचं नाही. ती अनवाणी पळाली आणि वडेऱ्याच्या, म्हणजे गावच्या जमीनदाराच्या, हवेलीत शिरली. तिथून तिला ओढून काढायची मीरलची छाती नव्हती. त्याचा सगळा पुरुषार्थ बायकांपुरता.

पण त्या मुलखात मेढ असते. बाई डोक्यावर कुराण घेऊन दाराशी आली की तिचं मागणं मोडायचं नाही. खुनाची वैरंसुद्धा अशी मिटली आहेत. मीरलला ते बरोबर आठवलं.

"अमां, तू मेढ घेऊन जा. म्हण, भावाने माफ केलंय."

"केलंयस?"

"आधी घरी तर येऊ दे."

"शपथ घे."

"बायकांसमोर मी शपथा घेत नाही." आणि तो तांदळाच्या भाकरीवर लोणी थापू लागला. लोणी बख्तावरने काढलेलं होतं. गोठ्यामागे चुलता कुदळ घेऊन खणत होता. कारीला ना आंघोळ, ना कफन, नुसता खड्डा. पोटच्या पोराची अशी किळस येते, हे सभाईला ठाऊक नव्हतं. लहानपणी साय त्यालाच दिली होती, पोरीला ताक. त्या सायीचीही आता तिला किळस आली.

ती डोक्यावर कुराण घेऊन हवेलीत गेली. वडेरा खाटेवर लोळत होता, भोवती गावचे पुरुष. फाटकाशी मीरल मोटरसायकलवर बसून राहिला.

"बोल अमां," वडेरा म्हणाला. "मेढ आणलीस, रिकाम्या हाताने नाही पाठवणार."

"सगळ्यांदेखत शब्द देता, सांई?"

"दिला."

"मग माझ्या पोरीला परत देऊ नका. भाऊ आला तरी नाही, उद्या मी आले तरी नाही."

वडेऱ्याचं तोंड कडू झालं. पण चारचौघांत मेढ मोडली तर त्याचीच अब्रू जाणार, आणि अब्रूची भीती काय एकट्या मीरललाच होती? त्याने मान हलवली. हवेलीत ठेवलेल्या बायकांचं काय होतं, तेही सभाई जाणून होती. जन्मभर खरकटी भांडी घासायची आणि वडेऱ्याच्या पोरांपासून अंग चोरायचं. घाणीतून काढून घाणीतच ठेवायचं, फक्त जिवंत.

तेवढ्यात बख्तावर ओढणी सावरत बाहेर आली. कुणीतरी तिला सांगितलं होतं, आई न्यायला आली आहे.

"दादाने माफ केलं ना अमां? चल."

"नाही. तू इथेच राहा."

"तुलाही मी नको?"

"हवी आहेस," सभाई म्हणाली. मग डोक्यावरचं कुराण सावरून ती एकटीच घरी निघाली. मीरलच्या जेवणाची वेळ झाली होती.