एक कुटुंब, एक मत

बर्लिनमध्ये डॉक्टरेट करत होतो त्या वर्षांत कुणी विषय विचारला की मी सांगायचो, फ्रेंच राज्यक्रांतीच्या काळातल्या जर्मन लेखकांची स्वातंत्र्याची कल्पना. आणि विचारणारा लगेच हवापाण्याकडे वळायचा. माझ्या लेखकांचं त्यांच्या काळात फार वेगळं झालं असेल असं वाटत नाही. ही सगळी मंडळी छोट्या छोट्या राजांच्या पदरी नोकरीला होती. कुणी ग्रंथपाल, कुणी शिक्षक, कुणी दरबारी वैद्य. पलीकडे फ्रान्समध्ये राजा पडल्यावर यांनी इकडे पत्रकं छापायला घेतली. एका गावात त्यांनी चौकात स्वातंत्र्याचा वृक्ष म्हणून खांब रोवला, त्याला फिती बांधल्या आणि भोवती मिरवणूक काढली. मिरवणुकीत कुणी कुणाच्या पुढे चालायचं यावर आदल्या दिवशी बैठक झाली होती. तिचं इतिवृत्त मी स्वतः वाचलं आहे.

त्यांची मूळ कल्पना मात्र चांगली होती. त्यांच्या मते स्वातंत्र्य म्हणजे नुसता राजा नसणं नव्हे. दुसऱ्याच्या मर्जीवर जगावं न लागणं म्हणजे स्वातंत्र्य. मालक दयाळू असला तरी नोकर स्वतंत्र नसतो, कारण ती दया उद्या आटू शकते. इथवर मी समासात बरोबरच्या खुणा करत यायचो. मग चार पानांनी एक बारीकसं कलम यायचं. जो दुसऱ्याच्या मर्जीवर जगतो त्याला स्वतःचं मत असू शकत नाही, म्हणून नोकर, रोजंदार आणि बायका यांना मताधिकार नको. त्यांच्या वतीने घरचा कर्ता मत देईलच. परावलंबन काढण्याऐवजी त्यांनी मत काढून घेतलं. ज्या एकदोघांनी बायकांचंही नाव घेतलं त्यांना बाकीच्यांनी वेड्यात काढलं. यावर मी एक अख्खं प्रकरण लिहिलं होतं, बरंच खवचट. माझ्या मार्गदर्शक बाईंनी कडेला पेन्सिलीने लिहिलं होतं, सूर थोडा खाली आणावा.

वोल्फ्सबुर्गला माझा मामेभाऊ होता. तिथल्या मोटार कारखान्यात इंजिनिअर. बर्लिनहून गाडीने तासाभराचा रस्ता, म्हणून महिन्यातून एकदा मी दादा-वहिनीकडे जेवायला जायचो. वहिनी साताऱ्याला हायस्कूलमध्ये शिकवायची. इथे तिचा राहण्याचा परवाना दादाच्या परवान्याला जोडलेला होता आणि त्यावर नोकरीस मनाई असा शिक्का होता. म्हणून तिने गावातल्या मराठी मुलांसाठी शनिवारचा वर्ग सुरू केला. अकरा मुलं होती. नगरपालिकेच्या सभागृहात मराठी मंडळाला आठवड्यातून एक दुपार मिळायची, त्या दुपारी हा वर्ग भरायचा. मुलांना मराठी सगळं कळायचं, पण उत्तर जर्मनमध्ये यायचं. "दार्फ इश आउफ्स क्लो?" असं म्हणून कुणी शौचाला जायची परवानगी मागितली की वहिनी खिडकीबाहेर बघत बसायची. नड वाढली की वाक्य मराठीत यायचं. अख्ख्या गावात तिला बाई म्हणणारी एवढीच अकरा माणसं होती. शनिवार गेला तर आठवड्यात उरतं काय, असं ती एकदा सहज म्हणाली होती. तक्रारीच्या सुरात नव्हे, वेळापत्रक सांगावं तसं.

पुढे मंडळ रीतसर नोंदवायचं ठरलं. जर्मनीत चार माणसं पत्ते खेळायला जमली तरी त्यांचा फेराइन, म्हणजे नोंदणीकृत मंडळ होतं, आणि फेराइनला लेखी घटना लागते. दादा मंडळाचा चिटणीस. "तू स्वातंत्र्यावर पीएचडी करतोयस, मग घटना तूच लिही," असं त्याने फोनवर ठरवूनच टाकलं. मला बरं वाटलं. दोनशे वर्षांपूर्वीच्या माझ्या लोकांना जी संधी जेमतेम मिळाली, ती मला फोनवर मिळत होती. मी उद्देशपत्रिका लिहिली, तिच्यात व्यक्तीची प्रतिष्ठा आणली. अध्यक्षांचे अधिकार कमी केले. एक दशांश सभासदांनी लेखी मागितलं तर विशेष सभा बोलवलीच पाहिजे, असं कलम घातलं. सभासदत्वाचा भाग मात्र दादाने दिलेल्या जुन्या वहीवरून जसाच्या तसा उतरवला. कलम सात: सभासदत्व कुटुंबाचे राहील, प्रत्येक कुटुंबास एक मत. अविवाहितांस प्रत्येकी एक. वहीत कुटुंबं नवऱ्यांच्या नावांनी होती आणि खाली वेगळ्या शाईत 'बॅचलर' असा मथळा होता. आपल्याकडे मंडळाची यादी अशीच असते. माझा हात कुठे अडखळला नाही.

ही घटना स्वीकारताना माझा शाल-श्रीफळ देऊन सत्कार झाला. अध्यक्ष कारखान्यात मोठ्या हुद्द्यावरचे, वयाने वडीलधारे. त्यांनी माझा उल्लेख 'आपले घटनाकार' असा केला. घटना कुणी वाचली नव्हती हे मला माहीत होतं, पण शाल खांद्यावर असताना माणूस अशा गोष्टी बोलत नाही.

वर्षभराने अध्यक्षांच्या मनात आलं की नगरपालिकेच्या उन्हाळी उत्सवात मंडळाचं लेझीम पथक उतरवावं. महापौर येणार होते, फोटो वर्तमानपत्रात येणार होता. पथकाला दर शनिवारी सराव लागणार आणि सभागृहाची दुपार एकच. तेव्हा वर्ग "तूर्त स्थगित" करावा, असा ठराव वार्षिक सभेत आला. मी त्या रविवारी दादाकडेच होतो, त्यामुळे घटनाकार म्हणून मला पुढच्या रांगेत बसवलं.

चर्चा फार झाली नाही. मुलं तशीही जर्मनच बोलतात, असं एक गृहस्थ म्हणाले. लेझीम हीसुद्धा संस्कृतीच, असं दुसरे म्हणाले. वहिनीने उठून सांगितलं की मुलांची बाराखडी नुकती पुरी झालीय, आता थांबलं तर सगळं जाईल. अध्यक्षांनी तिच्या निरपेक्ष सेवेचं कौतुक केलं. तेव्हाच मला निकाल कळला. मग हात वर करायला सांगितलं. ठरावाच्या बाजूने बारा हात वर आले, त्यात दादाचा होता. त्याने अध्यक्षांना आधीच शब्द दिला होता, आणि घरी विचारायचं त्याला सुचलं नव्हतं. वहिनीची दगदग कमी होईल, असंही त्याला मनापासून वाटत होतं. विरोधात कोण, असं विचारल्यावर वहिनीने हात वर केला.

अध्यक्ष गोड हसले. "वहिनी, तुमच्या घरचं मत दिलं की तुमच्या यजमानांनी." मग माझ्याकडे वळून म्हणाले, "घटनाकार, जरा वाचून दाखवता का? कलम सात."

मी वाचून दाखवलं. मला माझी वाक्यं एरवी आवडतात.

आम्ही घरी आलो. दादा लेकीला घेऊन बागेत गेला. वहिनी कणीक मळायला लागली आणि मी स्वयंपाकघराच्या दारात उभा राहिलो. याच ओट्याशी मी तिला माझं ते खवचट प्रकरण तासभर ऐकवलं होतं. ती पोळ्या लाटत ऐकत होती, मध्येच हसलीही होती.

"भाऊजी," ती म्हणाली, "ते कलम तुम्ही लिहिलंत?"

मी हो म्हटलं. वहीत तसंच होतं, असंही म्हटलं.

"मग त्या तुमच्या पुस्तकवाल्यांनी काय वेगळं केलं होतं? त्यांच्याही वहीत तसंच असेल."

दोन वर्षांत कुणी माझ्या प्रबंधावर इतका नेमका आक्षेप घेतला नव्हता. मी घटनादुरुस्ती सुचवतो म्हणालो. ती म्हणाली, सुचवा, पण दुरुस्तीला तीन चतुर्थांश मतं लागतात, आणि ती मतं कुणाची ते तुम्हीच लिहून ठेवलंय. एव्हाना तिने घटना वाचली होती. मंडळात ती वाचणारी ती एकटीच असावी.

त्या आठवड्यात तिने वैयक्तिक सभासदत्वासाठी अर्ज केला. कलम चारप्रमाणे कुणीही सज्ञान व्यक्ती अर्ज करू शकत होती. कुटुंबातल्या बाईने करू नये असं कुठे लिहिलेलं नव्हतं, कारण कुणी तसं करेल हे मला सुचलंच नव्हतं. अर्ज तिने रजिस्टर पोस्टाने पाठवला. मंडळाचा नोंदणीकृत पत्ता म्हणजे दादाचं घर. दोन दिवसांनी पोस्टमन दारात आला, तिने स्वतःच सही करून पाकीट घेतलं आणि जेवायच्या वेळी दादाच्या ताटाशेजारी ठेवलं. "अहो, मंडळाचं टपाल आलंय," एवढंच म्हणाली. दादाने ते दोनदा वाचलं आणि पोच लिहून दिली. हे मला त्यानेच सांगितलं. सांगताना तो हसत होता, पण पूर्ण नाही.

कार्यकारिणीने अर्ज विचाराधीन ठेवला. दरम्यान वर्ग बंद झाला होता. वहिनीकडे रविवारी आमटीभाताला तीन अविवाहित इंजिनिअर यायचे. एका फ्लॅटमध्ये राहायचे आणि कलम सातच्या कृपेने तिघांना तीन मतं होती. लेझीम पथक मुख्यतः या तिघांवरच उभं होतं, कारण बॅचलरांना शनिवारी काम नसतं असं अध्यक्षांचं गृहीतक होतं. तीन शनिवारांत त्यांचे खांदे भरून आले. वहिनीने विशेष सभेचा कागद पुढे ठेवला तेव्हा त्यांच्यातला एक म्हणाला, "द्या इकडे वहिनी, आमचीही सुटका होईल." बावीस मतांच्या मंडळात तीन सह्या पुरल्या. मंडळाचं स्वातंत्र्य असं खांदेदुखीवर आलं. माझ्या लेखकांचं कशाकशावर आलं होतं ते वाचलेलं असल्यामुळे मला त्यात काही कमीपणा वाटला नाही.

सभेच्या दिवशी सकाळी चहा घेताना दादाने विचारलं, "आपलं मत कुठे द्यायचं?"

वहिनी लेकीची वेणी घालत होती. "तुमचं तुम्ही द्या," ती म्हणाली. "माझं मला मिळालं की मी देईन."

दादाने कप विसळून ठेवला आणि मंडळाच्या फायली गोळा केल्या.

ठराव असा होता की एक शनिवार लेझीम, एक शनिवार वर्ग. बाजूने अकरा, विरोधात नऊ. एक गृहस्थ बाहेर फोनवर होते. आणि चिटणिसांनी, म्हणजे दादाने, हात वर केलाच नाही. अध्यक्षांनी त्याच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. मी घटना चाळत बसलो. तटस्थ राहण्याबद्दल तिच्यात काही नव्हतं.

माझी दुरुस्ती त्याच सभेत पडली. वहिनीचा अर्ज पुढच्या वसंतात 'अपवाद म्हणून' मंजूर झाला. ते दोन शब्द काढून पत्र नव्याने द्यावं असं तिने लेखी कळवलं, तेही रजिस्टर पोस्टाने.

पण त्याआधी, सभेनंतर वर्ग पुन्हा भरला त्या पहिल्या शनिवारी मी वर्गात मागे बसलो होतो. मधल्या आठवड्यांत पाच मुलं फुटबॉलला लागली होती, सहा आली. वहिनीने हजेरी घेतली ती अकराही नावांची. न आलेल्या प्रत्येक नावापाशी ती थांबायची, वर बघायची, मग लिहायची. सहा मुलांचा वर्ग एका नजरेत दिसतो, सगळी यादी कशाला, असं मी नंतर विचारलं.

"गैरहजर मांडायलासुद्धा वर्ग चालू असावा लागतो, भाऊजी," ती म्हणाली, आणि फळा पुसायला वळली.