अँब्रोजने पुसलेली काच

कोपरीच्या अँब्रोजला सगळे कंदीलवाला म्हणत. शेती होती, पण तिच्यात त्याचं मन कधी रमलं नाही. गोष्ट रचायची, ती काचांवर रंगवायची, जादूच्या कंदिलातून एकेक काच सरकवत भिंतीवर दाखवायची आणि स्वतः बांधलेली चाल व्हायोलिनवर वाजवायची, हा त्याचा नाद. अठराशे अठ्ठ्याऐंशीच्या सुमारास ठाण्यापासून कल्याणपर्यंत त्याचे खेळ लोक तोंडात बोट घालून बघत. माणूस चक्रम होता, हे मीही नाकारत नाही. पण असा एखादा चक्रम गावात असावाच.

ही गोष्ट घडली त्याच्या आदल्या वर्षी त्याचा एकुलता एक मुलगा युजीन खाडीत बुडाला. प्रेत मिळालं नाही, त्यामुळे पुरायलाही काही नव्हतं. युजीनच्या आईने, रीटाने, तेव्हापासून बोलणंच टाकलं. डोळ्यांत टिपूस नाही. संध्याकाळी खाडीकाठी जाऊन बसायची, एवढंच.

ईस्टरआधीच्या उपासाच्या दिवसांत पाद्रीबाबांनी अँब्रोजला येशूच्या मरणाचा खेळ करायला सांगितलं. अट एकच होती. गुड फ्रायडेला देवळात, म्हणजे चर्चमध्ये, वाद्य वाजत नाही, तेव्हा व्हायोलिन घरीच ठेवायचं. अँब्रोजने तरी चाल बांधलीच. रंग भरताना ती गुणगुणायचा.

गुड फ्रायडेच्या रात्री देवळामागच्या खोलीत खेळ झाला. शेवटच्या काचेत क्रुसावरून उतरवलेला येशू आईच्या मांडीवर होता. व्हायोलिन असतं तर मागे बसलेल्या कुणाची तरी कुजबुज झाकली गेली असती. त्या शांततेत ती सगळ्यांना ऐकू गेली.

“अरे, ही तं आपली रीटा! नि मांडीवं युजीन!”

पाद्रीबाबा उठले. “देवमातेला तुझ्या बायकोचं तोंड देतोस? प्रभूला पोराचं? पुसून टाक ती काच. आत्ता.”

अँब्रोजने मान खाली घातली, काच बाहेर काढली आणि फडकं घेतलं. बिचारा भांडला असता तर मला बरं वाटलं असतं.

तेवढ्यात रीटा उभी राहिली. वर्षभरात पहिल्यांदा तिचा आवाज फुटला.

“बाबा, माजा तोंड पुसा. पोराला नका पुसू. मना तो मिललाच नाय. हितं तरी मांडीवं हाय.”

पाद्रीबाबा खाली बसले. अँब्रोजने तिचा चेहरा तेवढा पुसला आणि काच परत कंदिलात घातली. चेहऱ्याच्या जागी भिंतीवर नुसता उजेड पडला. खाली युजीन निजला होता.

रीटा मोठ्याने रडली. तिला कुणीही गप्प केलं नाही.